आधारवरची एक जानेवारी

मोटार अपघातात गेलेल्या मुलाच्या भरपाईविरुद्ध विमा कंपनीने केलेल्या अपिलाची नोटीस घेऊन सासू-सून ठाण्यात कोर्टनाक्यावर आमच्याकडे आल्या, त्या पैसे परत करावे लागणार अशा समजुतीनेच.

"मावशी, नोटीस हातात कधी पडली?"

"नऊ दिवस झाले."

त्यांच्यासाठी सगळ्यात मोलाची होती ती हीच तारीख. भरपाईचा निवाडा जुलै २०२४ चा. मोटार वाहन कायद्याच्या कलम १७३ ची ९० दिवसांची मुदत केव्हाच उलटलेली, आणि यांनी अपील केलेलं नाही. पण समोरच्याने अपील केलं की नोटीस बजावल्यापासून एका महिन्यात क्रॉस ऑब्जेक्शन, म्हणजे त्याच अपिलात आपली उलट हरकत, दाखल करता येतं. म्हणजे हातात २१ दिवस. पुढे कंपनीने अपील मागे घेतलं तरी क्रॉस ऑब्जेक्शनची सुनावणी होते. म्हणून नोटिशीचं पाकीट फेकू नये.

अपील करताना कंपनीला २५,००० रुपये किंवा निवाड्याची निम्मी रक्कम, यांतली कमी असेल ती भरावी लागते. ही अट पैसे देणाऱ्याला आहे, वारसांना नाही. वसुलीला स्थगिती हवी असेल तर उच्च न्यायालय सहसा पूर्ण रक्कम व्याजासह जमा करायला लावतं. त्यातली काही रक्कम काढून घेण्यासाठी वारसांना अर्ज करता येतो.

मग निवाडा वाचायला घेतला. मयत भिवंडीच्या गोदामात नोकरीला होता. अपघात जून २०२२ मधला. निवाड्यात वय ४२, आधारवरून. आधारवर जन्मतारीख १ जानेवारी १९८०. नक्की तारीख माहीत नसली की बहुतेकदा अशीच एक जानेवारी पडते. कागदांच्या यादीत मात्र शाळा सोडल्याचा दाखला होता: १४ नोव्हेंबर १९८३. म्हणजे वय ३८. सिद्ध झालेल्या कागदाला न्यायालय देतं तो निशाणी क्रमांकच दाखल्याला पडला नव्हता, त्यामुळे पुरावा म्हणून तो कोणी वाचलाच नाही.

चार वर्षांचा फरक दोन जागी लागतो. ठरावीक पगाराच्या माणसाला भविष्यातली वाढ चाळिशीच्या आत ४० टक्के, ४० ते ५० मध्ये २५ टक्के. आणि गुणक, म्हणजे वर्षाच्या नुकसानीला वयानुसार जितक्याने गुणायचं तो आकडा, ३६ ते ४० ला १५, ४१ ते ४५ ला १४.

तिसरी चूक पगारात. स्लिपवर एकूण २४,०००. पीएफ १,८००, पतपेढीचा हप्ता २,०००, व्यवसायकर २००, हातात २०,०००. निवाड्यात हातातलेच धरले. पीएफ आणि कर्जाचा हप्ता वजा होत नाहीत, वजा होतो फक्त कर.

निवाड्याचा हिशेब: वर्षाचे २,४०,०००, अधिक २५ टक्के, म्हणजे ३,००,०००. अवलंबून चौघं, म्हणून मयताच्या स्वतःच्या खर्चाचा एक चतुर्थांश वजा. उरलेले २,२५,००० गुणिले १४, म्हणजे ३१,५०,०००.

आमचा: २,८८,००० मधून वर्षाचा व्यवसायकर २,५०० (फेब्रुवारीत २०० ऐवजी ३०० कापतात), राहिले २,८५,५००. अधिक ४० टक्के, ३,९९,७००. चौथा हिस्सा वजा, २,९९,७७५. गुणिले १५, म्हणजे ४४,९६,६२५.

फरक १३,४६,६२५. शिवाय सहवासाच्या नुकसानीचे ४८,४०० फक्त सुनेला दिलेले. २०१८ पासून मुलं आणि आई यांचाही हक्क मान्य आहे. तिघांचे आणखी १,४५,२००.

आधार ही ओळख आहे, जन्मतारखेचा पुरावा नव्हे, हे सर्वोच्च न्यायालयाने अपघाताच्याच एका दाव्यात ऑक्टोबर २०२४ मध्ये सांगितलं आणि शाळेचा दाखला उचलून धरला. तरी निशाणी न पडलेला कागद अपिलात आपोआप वाचला जात नाही. जादा पुराव्यासाठी दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ४१ नियम २७ खाली वेगळा अर्ज लागतो, आणि कागद आधी का सिद्ध झाला नाही याचं पटणारं कारणही.

शाळा मुरबाड तालुक्यातली, जिल्हा परिषदेची. नुसता दाखला पुरत नाही. जनरल रजिस्टरचा उतारा मुख्याध्यापकांच्या सही-शिक्क्याने हवा. आणखी एक गाठ: दाखल्यावर घरचं हाकेचं नाव, सॅलरी स्लिपवर दुसरंच. दोन्ही नावांचा माणूस एकच, असं आईचं प्रतिज्ञापत्र त्याच दुपारी करून घेतलं आणि सुनेला उताऱ्यासाठी दुसऱ्या दिवशी शाळेत पाठवलं.