मोजणी

पूल काबीज करणाऱ्यांच्या गोष्टी सगळ्यांना आवडतात. मलाही आवडतात. ६ जून १९४४ ची मध्यरात्र नुकतीच उलटलेली, आणि नॉर्मंडीत काँच्या कालव्यावरच्या पुलापासून जेमतेम पन्नास मीटरवर, इंजिन नसलेलं ग्लायडर अंधारात आणून टेकवणारा तो वैमानिक. नुसती कल्पना केली तरी घशाला कोरड पडते. त्याच पुलाची दुसरी गोष्ट मात्र फार कुणी रंगवून सांगत नाही. पूल उडवण्यासाठी जर्मनांनी स्फोटकांच्या जागा तयार ठेवल्या होत्या, पण स्फोटकं त्या जागांवर नव्हतीच. ती जवळच्या एका शेडमध्ये पडून होती.

मी सॅपर होतो, म्हणजे सैन्याचा इंजिनिअर. माझ्या वाट्याला ही दुसरी गोष्ट आली.

कमिशन मिळून सात महिने झाले होते. मोठा युद्धसराव चालू होता, त्यात आमच्या तुकडीकडे तीन गाळ्यांचा एक जुना पोलादी पूल आला. काम असं: आपलं सैन्य माघार घेत येणार, शेवटचा माणूस पार झाला की मधला गाळा पाडायचा. याला आमच्यात रिझर्व्ह डिमॉलिशन म्हणतात. साधा पूल तयारी झाली की उडवून मोकळं होता येतं. रिझर्व्हवाला राखून ठेवायचा असतो, कारण आपल्याच माणसांना त्यावरून यायचं असतं.

तयारीला साडेपाच तास लागले. गर्डरवर स्फोटकांच्या जागी वाळूच्या पिशव्या बांधल्या होत्या, पण वायरिंग खरं होतं. एक विजेची वाट, आणि ती तुटलीच तर दुसरी, जळत्या वातीची. एक्सप्लोडरला, म्हणजे मूठ फिरवून स्फोट घडवायच्या यंत्राला, जोडलेला छोटासा खरा चार्ज पुलापासून दूर खड्ड्यात पुरला होता, आवाजापुरता. सगळं दोन दोनदा तपासलं. त्या रात्री तांत्रिक चूक एकही झाली नाही, हे मी आजही थोड्या अभिमानाने सांगतो. बाकी सांगण्यासारखं काही नाही.

पुलाच्या रक्षणाला पायदळाची एक कंपनी होती. उडवायचा हुकूम तिच्या मेजरसाहेबांनी द्यायचा, मी फक्त मूठ फिरवायची. मात्र हुकुमाच्या कागदावर शेवटी एक कलम होतं: शत्रू पूल ताब्यात घेतो आहे अशी खात्री झाली आणि मेजर उपलब्ध नसतील, तर फायरिंग पार्टीच्या, म्हणजे स्फोट घडवणाऱ्या तुकडीच्या, प्रमुखाने स्वतःच्या जबाबदारीवर पूल उडवावा. प्रमुख म्हणजे मी. संध्याकाळी हे कलम वाचताना छाती थोडी फुगली होती.

पुलाच्या अलीकडच्या तोंडाशी एक जवान वही घेऊन बसला होता. येईल तो माणूस मोजायचा, एवढंच त्याचं काम. एकूण एकशे अठरा यायचे होते. पहाटे चारपर्यंत शहात्तर आले.

मग सरावावर देखरेख करणाऱ्या पंचांनी टेलिफोनची तार तोडली. सरावात असले उद्योग ते करतातच. वायरलेसवर नुसती खरखर. मेजर डाव्या बगलेची मोर्चेबंदी बघायला गेले होते, ते परतले नव्हते. नदीवर धुकं उतरलं, आणि पलीकडून इंजिनाची घरघर यायला लागली. आपली की त्यांची, कळायला मार्ग नाही. धुक्यात आवाज जवळचा वाटतो हे मला माहीत होतं. माहीत असून काही उपयोग झाला नाही.

चार पंचविसाला पलीकडच्या टोकाला फटाफट गोळीबार झाला, पुलावर दोन आकृत्या पळताना दिसल्या आणि माझ्या बाजूचा कुणीतरी ओरडला, "पुलावर आले!"

मी मूठ फिरवली.

खड्ड्यातला चार्ज उडाला. पंच शांतपणे मधल्या गाळ्यावर चालत गेला आणि दोन्ही कठड्यांना पांढरी पट्टी आडवी बांधून आला. म्हणजे आता इथे पूल नाही. माझे जवान माझ्याकडे बघत होते, शाबासकीच्याच नजरेने. मलाही हायसं वाटलं होतं. हे लिहायला लाज वाटते, पण वाटलं होतं.

बारा मिनिटांनी धुक्यातून बूट वाजले. आपले होते. पुढे एक वयस्क सुभेदार, मागे दोन जवानांनी मिळून उचललेला एक "जखमी", त्यामागे रांग. पट्टीपाशी येऊन सुभेदार थांबले. आमच्यात साठेक मीटर अंतर असेल. त्यांनी पट्टीकडे पाहिलं, मग माझ्याकडे, आणि रागाचा लवलेशही नसलेल्या आवाजात म्हणाले, "साहेब, येतच होतो की आम्ही."

नंतरच्या बैठकीत मुख्य पंचांनी मला दोनच प्रश्न विचारले. "पुलावर शत्रू किती पाहिलेस?" दोन, मी म्हणालो. "मोजणीत किती राहिले होते?" बेचाळीस. ते दोघे टेहळणीवाले होते. चार गोळ्या झाडून परत जा, एवढंच त्यांना सांगितलेलं होतं. वही माझ्यापासून दहा पावलांवर होती. मूठ फिरवण्याआधी मी ती मागवली नव्हती.

मग त्यांनी सितांगची हकिगत सांगितली. फेब्रुवारी १९४२, ब्रह्मदेश. १७ वी भारतीय डिव्हिजन जपान्यांपुढे मागे हटत होती, आणि सितांग नदीवर एकच रेल्वेपूल, त्यावर गाड्यांसाठी फळ्या टाकलेल्या. २२ तारखेच्या पहाटे एक लॉरी फळ्यांवरून घसरून अडकली आणि दोनेक तास वाहतूक ठप्प झाली. त्यानंतर जपानी पुलाजवळ येऊन भिडले. दिवसभर झटापट झाली. दुसऱ्या दिवशी उजाडल्यावर गोळीबाराखाली पूल नक्की उडवता येईल अशी खात्री कुणालाच देता येईना. शेवटी डिव्हिजनचे प्रमुख जॉन स्मिथ यांनी परवानगी दिली आणि २३ फेब्रुवारीला पहाटे साडेपाचला पूल उडवला गेला. तेव्हा दोन ब्रिगेडचा मोठा हिस्सा पलीकडेच होता. तो आवाज ऐकून नदीपलीकडच्या माणसांना काय कळलं असेल, ते वेगळं सांगायला नको. कुणी पोहत आले, कुणी बांबूचे तराफे बांधून. पुढे मोजदाद झाली तेव्हा डिव्हिजनचं पायदळ उरलं होतं साडेतीन हजारांच्या आसपास, आणि त्यांच्याकडे रायफली १,४२०. दोन आठवड्यांत रंगून पडलं. स्मिथ यांना कमांडवरून काढलं. व्हिक्टोरिया क्रॉस मिळवलेला माणूस तो, भित्रा म्हणायची सोय नाही.

त्यांचं चुकलं का? सरावाच्या पंचांनी उत्तर दिलं नाही. मला तेव्हा त्याचा राग आला होता.

पुढे काही वर्षांनी मी स्वतः प्रशिक्षक झालो आणि हाच प्रसंग मुद्दाम एका लेफ्टनंटपुढे रचला. वही, धुकं, तुटलेली तार, सगळं तसंच. तो माझ्यापेक्षा हुशार निघाला. त्याने सितांग वाचलं होतं. तो थांबला, मोजणी मागवली, हुकूम लेखी हवा म्हणून निरोप्या पाठवला. तेवढ्यात "शत्रू"च्या दोन गाड्या पुलावरून येऊन त्याच्या एक्सप्लोडरपाशी उभ्या राहिल्या.

त्याला मी जर्मनीतल्या रेमागेनची हकिगत सांगितली. ऑक्टोबर १९४४ मध्ये कोलोनजवळ बॉम्बहल्ल्याने ऱ्हाइनवरच्या एका पुलावरची स्फोटकं आपोआप उडाली, पूल गेला, आणि हिटलर भडकला. त्यानंतर कडक नियम आले: स्फोटकं अगदी शेवटी बसवा, हुकूम लेखी घ्या. ७ मार्च १९४५ ला अमेरिकन रेमागेनच्या लुडेनडॉर्फ पुलावर पोहोचले तेव्हा पुलाच्या इंजिनिअर कॅप्टनने मागितलेल्या ६०० किलोंऐवजी ३०० किलो स्फोटकं मिळाली होती, तीही खाणकामाची, हलकी. लेखी हुकुमाच्या घोळात मिनिटं गेली. मूठ फिरवली तर विजेची वाट मेलेली. मग एकाने गोळीबारात पुढे जाऊन हाताने वात पेटवली. स्फोट झाला, पूल उचलला गेला आणि पुन्हा आपल्या खांबांवर येऊन बसला! पहिल्या चोवीस तासांत आठ हजारांवर अमेरिकन सैनिक पार झाले. दहा दिवसांनी, १७ मार्चला, तो पूल स्वतःहूनच कोसळला आणि दुरुस्ती करणारे २८ अमेरिकन इंजिनिअर त्यात गेले, पण तोवर शेजारी पाँटून, म्हणजे तरंगते, पूल तयार होते. हिटलरने फिरतं कोर्ट पाठवून चार जर्मन अधिकाऱ्यांना गोळ्या घातल्या.

"मग सर, थांबायचं की उडवायचं?" लेफ्टनंटने विचारलं.

"वही कुठे आहे ते आधी बघायचं," मी म्हणालो. त्याने तर वही बघितलीच होती, त्यामुळे उत्तर अर्धवट होतं. तो काही बोलला नाही. त्यालाही राग आला असणार.

माझा सराव त्या दिवशी दुपारी संपला. नियमाप्रमाणे ते बेचाळीस जण तोवर "युद्धकैदी" म्हणून पलीकडच्या काठावर बसून होते. पंचाने पट्टी सोडली, तशी ती रांग पुलावरून आली, आता नुसती चालत, हेल्मेट काखोटीला मारून. वहीवाला जवान अजून तिथेच बसला होता. त्याला कुणी थांब म्हणालंच नव्हतं. सुभेदार समोरून जाताना त्याने पेन्सिल उचलली आणि मोजायला लागला. सत्त्याहत्तर. अठ्ठ्याहत्तर. एकोणऐंशी.

मी तिथेच उभा राहून एकशे अठरापर्यंत ऐकलं.