अर्नेस्ट थेसिगर यांचे हात

१४ जानेवारी, रात्री

तिळाचे लाडू वळून झाले, येणारीजाणारी ओसरली आणि मग ‘ब्राइड ऑफ फ्रँकेन्स्टाइन’ पुन्हा एकदा लावला. आजचा दिवस मुद्दाम निवडला होता, कारण त्यातले डॉक्टर प्रिटोरियस म्हणजे इंग्लिश चरित्र अभिनेते अर्नेस्ट थेसिगर १९६१ साली याच तारखेला, आपल्या ८२व्या वाढदिवसाच्या आदल्या दिवशी वारले. १९३५ चा हा चित्रपट पाहताना लोकांचे डोळे बोरिस कार्लॉफ यांच्या राक्षसावर आणि एल्सा लँचेस्टर यांच्या उभ्या केसांवर खिळतात. मी मात्र गेली कित्येक वर्षे थेसिगर यांचे हात पाहत आले आहे.

बरण्यांचा प्रसंग आला की मी सरसावून बसते. प्रिटोरियस आपण घडवलेली वीतभर माणसे काचेच्या बरण्यांतून दाखवतात: राजा, राणी, धर्मगुरू, सैतान, नर्तकी, जलपरी. राजा राणीच्या ओढीने बरणीतून निसटतो, तेव्हा ते त्याला चिमट्यात धरून उचलतात आणि परत आत सोडतात. त्या पकडीत ना घाई आहे ना राग. बारीक काम रोज करणाऱ्या माणसाच्या बोटांत जी सवय मुरलेली असते, ती तिथे दिसते. मी स्वतः ४० वर्षे भरतकाम करते, त्यामुळे ही पकड मला ओळखीची वाटते, आणि थेसिगर यांच्याविषयी वाचल्यापासून ती तशी का वाटते हेही कळले आहे. ते उत्तम भरतकाम करीत असत. चित्रीकरणाच्या मधल्या वेळातही त्यांच्या मांडीवर कापड आणि हातात सुई असे.

त्यांचा जन्म १५ जानेवारी १८७९ चा, लंडनमधला, बड्या घराण्यातला. जन्मानंतर अवघ्या आठवड्याभरात, २२ जानेवारीला, दक्षिण आफ्रिकेत इसांडलवाना येथे झुलूंनी इंग्रजी फौजेचा धुव्वा उडवला. त्या मोहिमेचे सेनापती लॉर्ड चेम्सफर्ड हे अर्नेस्ट यांचे सख्खे काका. याच काकांचे चिरंजीव पुढे १९१६ ते १९२१ हिंदुस्थानचे व्हाइसरॉय झाले. शाळेच्या इतिहासात आपण घोकलेल्या माँटेग्यू-चेम्सफर्ड सुधारणांमधले चेम्सफर्ड ते हेच, आणि जालियनवाला बागेचे हत्याकांडही त्यांच्याच कारकिर्दीतले. एक चुलतभाऊ सिमल्यात राज्य करीत असताना दुसरा लंडनच्या रंगमंचावर लोकांना हसवत होता, हे मला प्रथम कळले तेव्हा मी वंशावळ दोनदा तपासून पाहिली.

त्यांना आधी चित्रकार व्हायचे होते. लंडनच्या स्लेड कलाशाळेत ते शिकले, पण १९०९ साली, वयाच्या तिशीत, नाटकाकडे वळले. नाव जरा कोठे होऊ लागले, तोच महायुद्ध आले. ३५ वर्षांच्या या माणसाने अधिकारपदाची वाट न पाहता साधा शिपाई म्हणून नाव नोंदवले. घागऱ्यासारखा तो पोशाख अंगावर घालता यावा म्हणून आपण आधी स्कॉटिश पलटणीकडे गेलो होतो, असे ते सांगत. लोक हा किस्सा मिटक्या मारीत सांगतात आणि तेथेच थांबतात. पुढची गोष्ट मात्र सांगायला हवी: १९१५ च्या पहिल्याच दिवशी पश्चिम आघाडीवर ते जखमी झाले, आणि जखमा झाल्या त्या हातांना.

त्याच वर्षाच्या ऑक्टोबरात ते ‘अ लिटल बिट ऑफ फ्लफ’ या प्रहसनात उभे राहिले. लढाईवरून रजेवर आलेल्या सैनिकांनी भरलेल्या नाट्यगृहात त्या प्रहसनाचे १,२०० हून अधिक प्रयोग झाले. युद्ध संपत आले तेव्हा अपंग सैनिकांसाठी भरतकामाचा एक उद्योग सुरू झाला आणि थेसिगर त्याचे मानद चिटणीस होऊन त्यात मनापासून राबले. पाय गेलेल्या, अंथरुणाला खिळलेल्या पुरुषांच्या हाती सुई द्यायची, त्यांचे काम विकायचे आणि त्यांना घरबसल्या चार पैसे मिळवून द्यायचे, असा तो खटाटोप होता. सुईदोरा हे बायकांचे काम, असे मानणाऱ्या काळात त्यांनी हे उघडपणे, अभिमानाने केले. मोजून भरायच्या कामात एक टाका चुकला की पुढची सगळी ओळ उसवावी लागते. हे काम करणाऱ्यालाच दुखऱ्या बोटांनी ते शिकण्याची आणि शिकवण्याची किंमत कळेल.

थेसिगर यांच्याविषयी लिहिणारे बहुतेक जण ‘विक्षिप्त’ हा शब्द वापरतात आणि त्या शब्दाचा मला मनापासून राग येतो. उंच, शिडशिडीत बांधा, धारदार नाक, नाकपुड्या फुगवून बोलायची ढब, बायकी म्हणून हिणवले जाणारे हावभाव. हे सारे होतेच, आणि ते त्यांनी कधी लपवले नाही. पण माणूस मुळातच असा होता, त्याने पडद्यावर वेगळे काय केले, असा जो सूर त्यातून निघतो तो अन्यायाचा आहे. बर्नार्ड शॉ यांच्या ‘सेंट जोन’च्या १९२४ मधील लंडनच्या पहिल्या प्रयोगात, सिबिल थॉर्नडाइक यांच्यासमोर, राजपुत्राची भूमिका त्यांना मिळाली होती. नुसत्या चमत्कारिक स्वभावावर अशी भूमिका निभावत नाही.

दिग्दर्शक जेम्स व्हेल यांना हे ठाऊक होते. ते थेसिगर यांना लंडनच्या रंगभूमीपासून ओळखत, आणि दोघांच्या मागे तेच महायुद्ध होते. व्हेल तर जर्मनांच्या कैदेत राहून आलेले. १९३२ साली हॉलिवूडमध्ये ‘द ओल्ड डार्क हाउस’ काढताना त्यांनी होरेस फेमच्या भूमिकेसाठी थेसिगर यांनाच घेतले. वादळी रात्री आडोसा शोधत आलेल्या वाटसरूंपुढे हा घरमालक उभा राहतो, बहीण ही फुले आत्ता मांडणारच होती असे सांगत फुलांचा गुच्छ हातात घेतो आणि सरळ विस्तवात टाकतो. ना आवाज चढतो, ना चेहरा बदलतो. एवढ्या एका कृतीत त्या घरातले सारे कुजलेपण कळते. पुढे जेवणाच्या टेबलावर तो पाहुण्यांना बटाटा घ्या म्हणतो, तेव्हा त्या साध्या आग्रहातला तुच्छतेचा कण अन् कण ऐकू येतो. याच चित्रपटातल्या तरुण नायिका ग्लोरिया स्टुअर्ट पुढे ‘टायटॅनिक’मधली वृद्ध रोझ म्हणून आपल्या सर्वांना माहीत झाल्या.

‘ब्राइड’मधला तळघराचा प्रसंग आज मी दोनदा पाहिला. थडग्यातली हाडे मिळवून झाल्यावर प्रिटोरियस तिथेच शवपेटीवर मेणबत्त्या लावून जेवायला बसतात, आणि राक्षस समोर आला तरी दचकत नाहीत. उलट त्याला खाऊपिऊ घालतात, चिरूट देतात. मेलेल्या माणसांच्या संगतीत इतक्या निवांतपणे जेवणारा हा नट खंदकांतून आलेला होता, हे मनातून जात नाही. त्या निवांतपणात युद्ध आहेच असा दावा मी करणार नाही. पाहताना मला ते आठवते, इतकेच.

नंतरच्या भूमिका लहान लहान होत गेल्या. १९५१ च्या ‘द मॅन इन द व्हाइट सूट’मध्ये ते कापडधंद्यातले सर्वांत जुने धेंड आहेत: कधी न मळणारे, कधी न झिजणारे कापड निघाल्याची वार्ता ऐकून धापा टाकत आलेले. आयुष्यभर कापडावर जीव लावलेल्या या कलावंताच्या वाट्याला ती भूमिका यावी, याचे मला फार अप्रूप वाटते. १९५३ च्या ‘द रोब’मध्ये ते रोमचे सम्राट टायबेरियस झाले. १९४१ साली त्यांनी भरतकामावर एक पुस्तकही लिहिले होते. १९६० मध्ये सरकारने त्यांना सीबीई हा किताब दिला, आणि पुढच्याच जानेवारीत ते गेले. लंडनच्या ब्रॉम्प्टन दफनभूमीत त्यांचे थडगे आहे.

झोपण्यापूर्वी एकच गोष्ट नोंदवून ठेवते. त्यांचा पहिला चित्रपट १९१६ चा, जे. एम. बॅरी यांनी लिहिलेला ‘द रिअल थिंग ॲट लास्ट’ हा ‘मॅकबेथ’च्या विडंबनाचा मूकपट, आणि त्यात थेसिगर एका चेटकिणीच्या भूमिकेत होते. तो आज उपलब्ध नाही. ‘द ओल्ड डार्क हाउस’ही असाच हरवला होता, १९६८ मध्ये स्टुडिओच्या कोठारात त्याची मूळ फीत हाती लागली. म्हणून आशा सोडवत नाही. तो मूकपट चित्रित झाला तेव्हा त्या जखमांना जेमतेम वर्ष उलटले असेल, आणि कढईवर मंत्र टाकणाऱ्या चेटकिणीला हात तर पुढे करावेच लागतात.