भर समुद्रात रात्री नांगर टाकता का?

मी जहाजावर चीफ ऑफिसर होतो असं कळलं की लग्नकार्यात कुणीतरी हमखास विचारतं, ‘मग रात्री नांगर टाकून झोपत असाल?’ तुम्हीही विचारलंत म्हणून सांगतो. जहाज रात्रभर चालत असतं, आम्ही पाळीपाळीने झोपतो.

अरबी समुद्राच्या मध्यावर तळ तीन-चार किलोमीटर खाली. मोठ्या जहाजाला एका बाजूला बारा-चौदा शॅकल साखळी असते. एक शॅकल म्हणजे २७.५ मीटर, तेव्हा सगळी सोडली तरी साडेतीनशे मीटरच्या आसपास. आणि टाकाल हो, उचलणार कसा? नांगर ओढणारं विंडलास साधारणपणे नांगर आणि सरळ लोंबणारी तीन शॅकल साखळी, एवढ्याच वजनाच्या हिशोबाने बनवतात. म्हणजे ८०-८५ मीटर. कडीची सळई १० सेंटिमीटर जाड असली तर एकेक शॅकल सहा टनांचं भरतं. शंभर मीटरच्या पुढे म्हणूनच कुठलाही शहाणा कॅप्टन नांगराचं नाव काढत नाही.

नांगर तळात रुतला की काम झालं, असंही नाही. जहाज धरून ठेवण्यात तळावर आडवी पसरलेली साखळी मोठा वाटा उचलते. ओढ आडवी राहिली तर नांगर चिखल धरतो, वर खेचला गेला की सुटतो. मुंबईबाहेरच्या उथळ पाण्यात हे सोपं. सारंग, म्हणजे डेकवरच्या खलाशांचा मुकादम, विंडलासचा ब्रेक ढिला करतो, साखळी धडधडत सुटते, गंज आणि वाळलेल्या चिखलाची धूळ फोक्सलभर, म्हणजे जहाजाच्या पुढच्या टोकावरच्या डेकभर.

८० मीटरवर असं केलंत तर संपलं. लोंबणारं वजन वाढत जातं, साखळी हातातून सुटलेल्या रहाटासारखी पळते, ब्रेकमधून धूर निघतो. चेन लॉकरमधलं, म्हणजे साखळी साठवायच्या कोठीतलं, शेवटचं टोक तो झटका सोसण्यासाठी नसतंच. अशा वेळी विंडलासजवळून लांब पळायचं, बाकी काही नाही.

म्हणून खोल पाण्यात विंडलास गिअरमध्येच ठेवून मोटरने साखळी उतरवतात, मिनिटाला साधारण ९ मीटर. आठ शॅकल सोडायला पंचवीस मिनिटं. तेवढा वेळ जहाजानेही त्याहून जोरात सरकायचं नाही, नाहीतर गिअरचे दात जातात. मिनिटाला ९ मीटर म्हणजे ०.३ नॉट (ताशी समुद्री मैल). दोन लाख टनांचं धूड, वर प्रवाह आणि वारा. ब्रिजवर, जिथून जहाज चालवतात तिथे, कॅप्टन वेगाच्या आकड्यावरून नजर हलवत नाही, आणि पुढे फोक्सलवरून मी दर थोड्या वेळाने साखळीची दिशा आणि ताण ओरडून सांगतोय. साखळी ताणली, मग हळूच सैल पडली, की जहाज नांगरावर थांबलं. मग नांगरावर असल्याची खूण म्हणून दिवसा काळा गोळा वर चढतो, रात्री पांढरे दिवे.

बंदर आत घेत नसेल आणि तळ फारच खोल असेल, तर आम्ही किनाऱ्यापासून लांब जाऊन इंजिन थांबवतो आणि वाहत राहतो. फार सरकलो की इंजिन चालू करून पुन्हा मागे यायचं. नांगराची भानगड नको, पण अपरात्री उठवलं म्हणून इंजिनवाले तेवढे वैतागतात.