जोडीची पुस्तकं

गॅदरिंगच्या आधीच्या आठवड्यात शाळेचा हॉल तालमींनी अडलेला असायचा. लेझीमवाले खाली, नाटकवाले स्टेजवर. म्हणून ग्रंथसप्ताह दरवर्षी वरच्या मजल्यावर, चित्रकलेच्या वर्गात भरायचा. खोलीत भरपूर उजेड, खिडक्या उत्तरेला आणि उतरत्या बाकांऐवजी सपाट लांब टेबलं. पुस्तकांसाठी ती हॉलपेक्षा कितीतरी बरी होती. सप्ताह २४ डिसेंबरला, साने गुरुजींच्या जयंतीला संपायचा. आता १५ ऑक्टोबरला वाचन प्रेरणा दिन असतो आणि पुष्कळ शाळा आपलं प्रदर्शन तेव्हाच भरवतात. आमचं मत मात्र आजही डिसेंबरच्या बाजूने आहे. सहामाही परीक्षा झालेली असते, दिवाळी अंक घरोघरी वाचून संपलेले असतात आणि हवा कोरडी असल्यामुळे कपाटातल्या पुस्तकांना निवांतपणे वारा देता येतो.

वारा द्यायचा तो सावलीत. उन्हात ठेवलं की पान पिवळं पडतं आणि कण्याचा डिंक तडकतो. व्हरांड्यात सतरंजी टाकून पुस्तकं उभी करायची, पानं जरा मोकळी करायची आणि दोन-तीन तास तशीच ठेवायची. कसर लागलेलं पुस्तक बाकीच्यांत मिसळू द्यायचं नाही. ते बाजूला घेऊन मऊ ब्रशने शिवणीच्या बाजूने झाडायचं. नव्या पुस्तकांचं काम वेगळं. नुसतं डिंकाने चिकटवलेलं पुस्तक पहिल्याच मुलाने मधोमध दाबून उघडलं की कणा फुटतो आणि सप्ताह संपेपर्यंत पानं सुटी होतात. त्यासाठी पुस्तक टेबलावर कण्यावर उभं धरायचं, आधी दोन्ही पुठ्ठे खाली टेकवायचे, मग पुढून दहा पानं, मागून दहा पानं अशी हलक्या हाताने दाबत मध्यापर्यंत यायचं. एका पुस्तकाला दोन मिनिटं लागतात, पण पुस्तक काही वर्षं जास्त टिकतं.

सप्ताहाआधी खाकी कव्हरं उतरवली जायची. हे काम कंटाळवाणं असलं तरी सगळ्यात महत्त्वाचं. वर्षभर खाकी कागदात गुंडाळलेलं आणि कण्यावर फक्त दाखल क्रमांक, म्हणजे ग्रंथालयाच्या नोंदवहीतला क्रमांक, मिरवणारं पुस्तक कुणीही आपणहून उचलत नाही. चित्र नाही, नाव नाही, मलपृष्ठावरचा मजकूरही झाकलेला. कव्हर काढलं की तेच पुस्तक नवीन आलंय असं समजून मुलं विचारायची, ‘हे कधी घेतलं?’ सप्ताहानंतर जाड पारदर्शक प्लास्टिकचं कव्हर घालायचं. खाकी पुन्हा नको.

मांडणी हा या सप्ताहाचा जीव होता. ग्रंथालयात हजारो पुस्तकं असली, तरी प्रदर्शनात २४० च ठेवायची. सहा फूट लांब, अडीच फूट रुंद टेबलावर डेमी आकाराची (साधारण साडेपाच बाय साडेआठ इंच) २४ पुस्तकं मुखपृष्ठ वर करून नीट बसतात आणि दोन पुस्तकांच्या मध्ये बोटं घालायला जागा राहते. दहा टेबलांची २४० पुस्तकं झाली. यापेक्षा जास्त मांडायचा मोह झाला की थप्प्या लागतात, आणि थप्पीतलं दुसरं पुस्तक कुणी बघत नाही. वर्गात साठ मुलं धरली, तर एकेका मुलाच्या वाट्याला चार पुस्तकं येतात. निवड करायला तेवढी पुरतात.

ही २४० पुस्तकं म्हणजे १२० जोड्या. एक ललित, म्हणजे कथा-कादंबरीसारखं, आणि त्याच्या शेजारी त्याच विषयाचं एक ललितेतर, म्हणजे माहितीचं किंवा अभ्यासाचं. एकटं पुस्तक मांडायचंच नाही, हा दंडक. कारण ग्रंथालयाच्या वर्गीकरणात या दोघांची गाठ कधी पडत नाही. पुस्तकांना विषयवार क्रमांक देणाऱ्या ड्यूई पद्धतीत मराठी कथा-कादंबरी ८९१.४६३ ला, भारताचा इतिहास ९५४ ला, खगोलशास्त्र ५२० ला. गोष्टींच्या कपाटाशी जाणारं मूल वर्षानुवर्षं त्याच कपाटाशी जातं आणि माहितीची पुस्तकं वाचणारं मूल दुसऱ्या टोकाला उभं असतं. वर्गीकरण पुस्तक शोधायला उत्तम आहे, पण काय शोधायचं हेच ठाऊक नसलेल्या वाचकाला त्याचा उपयोग नाही.

जोड्या लावणं हे महिनाभर आधीपासूनचं काम. काही जोड्या दरवर्षी चालायच्या. ‘मृत्युंजय’ आणि ‘युगान्त’ शेजारी शेजारी. दोन्ही पुस्तकं १९६७ सालची, दोन्हींत कर्ण आहे. शिवाजी सावंतांची कादंबरी कर्णाच्या बाजूने उभी राहते, तर इरावती कर्वे त्याच कर्णाकडे अभ्यासकाच्या थंड नजरेने बघतात. नववीतली मुलं पहिल्यावर भाळायची आणि दुसरं वाचून आपसांत भांडायची. प्रदर्शनातून एवढं साधलं तर आणखी काय हवं? जयंत नारळीकरांच्या ‘यक्षांची देणगी’तल्या विज्ञानकथांच्या शेजारी त्यांचंच ‘आकाशाशी जडले नाते’ असायचं. कथेतलं विज्ञान कितपत खरं, याचं उत्तर त्याच हाताने लिहिलेल्या दुसऱ्या पुस्तकात शोधता यायचं. व्यंकटेश माडगूळकरांची ‘सत्तांतर’ ही वानरांच्या टोळ्यांची कादंबरी आणि शेजारी त्यांचंच जंगलातल्या मुक्कामाचं ‘नागझिरा’. डोळ्यांनी बघितलेलं आणि त्यातून रचलेलं यांतलं अंतर या दोन पुस्तकांतून जितकं कळतं, तितकं व्याकरणाच्या तासाला निबंधाचे प्रकार शिकवून कळत नाही.

झाशीच्या राणीवरच्या कादंबरीशेजारी गोडसे भटजींचा ‘माझा प्रवास’. वरसईचे विष्णुभट गोडसे उत्तरेकडे निघाले ते दक्षिणा मिळवून घरचं कर्ज फेडण्यासाठी, आणि सत्तावन्नच्या धामधुमीत सापडले. झाशीला वेढा पडला तेव्हा ते शहरात होते. त्यांनी लिहून ठेवलेली हकीकत चिंतामण विनायक वैद्यांनी १९०७ साली छापली. तिची भाषा जुनी, म्हणून ते पुस्तक नुसतं मांडून चालत नाही. वेढ्याच्या वर्णनाच्या पानावर खूण घालून ठेवायची. पहिल्या पानापासून सुरू केलेलं मूल यज्ञाच्या नि दक्षिणेच्या हिशोबात अडकतं आणि पुस्तक खाली ठेवतं. वेढ्यापाशी उघडलं की उभ्या उभ्या आठ पानं वाचून काढतं आणि मग आपणहून मागे जातं.

पाचवी-सहावीला जोडीचं दुसरं पुस्तक नेहमी पुस्तकच असलं पाहिजे असं नाही. भा. रा. भागवतांचा फास्टर फेणे फुरसुंगीचा, म्हणून त्याच्या पुस्तकांमागे भिंतीवर पुणे जिल्ह्याचा मोठा नकाशा. फुरसुंगी सापडली की मुलं पुण्यापर्यंतचा रस्ता बोटाने मोजत बसायची. त्यातूनच पुढच्या टेबलावरची किल्ल्यांची आणि प्रवासाची पुस्तकं हातात यायची.

सगळ्याच जोड्या जमत नाहीत. एकाच थोर माणसावरची कादंबरी आणि त्याचं चरित्र शेजारी ठेवलं तर मुलं दोन्ही एकच समजून पातळ ते उचलतात. चरित्राशेजारी त्या माणसाच्या कामाविषयीचं पुस्तक ठेवावं. वीणा गवाणकरांच्या ‘एक होता कार्व्हर’ या कृषिशास्त्रज्ञाच्या चरित्राजवळ माती आणि पिकांविषयीचं चित्रांचं पुस्तक ठेवलं की शेतकऱ्यांच्या घरची मुलं दोन्ही चाळायची. विषय नुसता वरवर जुळवला, म्हणजे समुद्रावरची प्रेमकथा आणि माशांची माहिती असं काही केलं, तर ती जोडी कुणालाच पटत नाही. पहिल्या पुस्तकाने मनात एखादा प्रश्न उभा केला पाहिजे आणि दुसऱ्यात त्याचा माग लागला पाहिजे. दोन्ही पुस्तकांत एकाच क्रमांकाची कागदी पट्टी घालायची, डोकं बाहेर राहील अशी. दिवसभरात साठ-साठ मुलांचे हात फिरले तरी संध्याकाळी जोड्या पुन्हा लावता येतात.

तास पस्तीस मिनिटांचा. पहिली आठ मिनिटं नुसतं हिंडायचं, बसायचं नाही. मग एक पुस्तक घेऊन भिंतीकडेच्या सतरंजीवर बसायचं आणि वीस मिनिटं वाचायचं. पटलं नाही तर उठून बदलायची मुभा, कितीही वेळा. शेवटच्या सात मिनिटांत चिठ्ठी. पोस्टकार्डाच्या निम्म्या आकाराची, आणि तिच्यावर चारच गोष्टी: पुस्तकाचं नाव, कितव्या पानावर थांबलो, पुढे काय होईल किंवा काय कळेल असं वाटतं, आणि घरी न्यायचं आहे का. मुलाचं नाव नाही, फक्त इयत्ता. नाव लिहायला लावलं की मुलं बाईंना आवडेल तेच लिहितात. घरी न्यायचं असेल त्याची नोंद वेगळ्या देवघेवीच्या वहीत.

पुस्तकाचा सारांश मागायचा नाही, हे कितीही वेळा सांगितलं तरी कुणीतरी मागायचंच. सारांश मागितला की मलपृष्ठावरचा मजकूर उतरून येतो. सर्वांत जास्त पुस्तकं वाचणाऱ्याला बक्षीस ठेवलं की चाळीस पानांची पुस्तकं पहिल्या दिवशी संपतात आणि लक्ष्मीबाई टिळकांच्या ‘स्मृतिचित्रे’सारख्या जाड आत्मचरित्राला कुणी हात लावत नाही. बक्षीस ठेवायचंच असेल तर सर्वांत चांगल्या नव्या जोडीला ठेवावं. एका मुलाने दोन पुस्तकं सुचवायची आणि ती शेजारी का शोभतात ते चार ओळींत लिहायचं. त्यासाठी दोन्ही वाचावीच लागतात.

संध्याकाळी अभिवाचन. महाराष्ट्रात कथाकथनाची वाट शंकर पाटील, द. मा. मिरासदार आणि व्यंकटेश माडगूळकर या तिघांनी गावोगाव फिरून रुळवली, आणि शाळेतल्या संध्याकाळींना तोच आदर्श होता. शांत वेगाने वाचलं तर डेमी आकाराच्या पानाला दोन ते अडीच मिनिटं लागतात. बारा मिनिटांत पाच पानं होतात आणि मुलांना तेवढी पुरतात. वाचणाऱ्याने आदल्या दिवशी मोठ्याने दोनदा वाचून बघायचं, अडणाऱ्या शब्दांवर पेन्सिलीने हलकी खूण करायची आणि थांबायची जागा ठरवून ठेवायची. प्रसंग संपण्याआधी थांबायचं, संपल्यावर नाही. ‘श्यामची आई’ याला अपवाद. साने गुरुजींनी नाशिकच्या तुरुंगात १९३३ मध्ये लिहिलेलं हे पुस्तक बेचाळीस रात्रींत विभागलेलं आहे, आणि एकेक रात्र एका बैठकीत पुरी होते. तिथे मध्ये तोडणं बरं दिसत नाही. ललितेतराचंही वाचन व्हायचं. दुर्गाबाई भागवतांच्या ‘ऋतुचक्र’मधून त्या वेळी चालू असलेल्या मराठी महिन्याचे दोन परिच्छेद, तेही खोलीत न वाचता अंगणात झाडाखाली. भाषा दाट आहे, दोनपेक्षा जास्त परिच्छेद मुलांच्या कानात राहत नाहीत. तेवढ्यानेही मान वर करून झाडाकडे बघणारी मुलं असायची.

अभिवाचनाला निवडलेल्या पुस्तकाच्या निदान पाच प्रती हव्यात. दुसऱ्या दिवशी सकाळी तेच मागायला रांग लागते, आणि एकच प्रत असली तर रांगेतली शेवटची मुलं पुन्हा येत नाहीत. पाच प्रती नसतील तर त्या पुस्तकाचं वाचन पुढच्या वर्षावर टाकलेलं बरं.

दिवाळी अंकांचं टेबल वेगळं, दाराजवळ. काशिनाथ रघुनाथ मित्रांनी १९०९ साली ‘मनोरंजन’चा दिवाळी अंक काढला तेव्हापासूनची ही परंपरा, आणि नवे लेखक हुडकायला याच्याइतकं सोयीचं साधन दुसरं नाही. एकाच अंकात कथा, प्रवासवर्णन, मुलाखत, शास्त्रावरचा लेख, कविता. डिसेंबरमध्ये लोक घरचे अंक आनंदाने देतात, फक्त मागायला जावं लागतं. प्रत्येक अंकाच्या अनुक्रमणिकेवर पेन्सिलीने खुणा करायच्या: ज्या लेखकाचं पुस्तक आपल्या ग्रंथालयात आहे, त्याच्या नावापुढे दाखल क्रमांक. सात पानांची कथा आवडली की वाचक थेट त्या पुस्तकापर्यंत पोचतो. पालक गॅदरिंगच्या निमित्ताने यायचे ते याच टेबलाशी रेंगाळायचे, आणि पुस्तकं घरी न्यायची परवानगी आहे का, असं हळूच विचारायचे. त्यांना नेहमी हो म्हणायचं.

शेवटच्या दिवशी ग्रंथदिंडी. पालखीत ज्ञानेश्वरी, तुकोबांची गाथा आणि भारताचं संविधान, पुढे लेझीम, मागे नऊवारी नेसलेल्या मुली. दिंडीत पुस्तकांचं नुकसान हमखास होतं ते फुलांनी. ओल्या झेंडूचा रंग पुठ्ठ्यात उतरतो आणि पुन्हा निघत नाही. माळा पालखीच्या दांडीला आणि कडेला बांधायच्या, पुस्तकांखाली जाड कापड आणि वर पारदर्शक प्लास्टिक. गुलाल अजिबात नको. दिंडीतल्या मुलांच्या हातात फलकांऐवजी त्यांनी त्या आठवड्यात वाचलेलं पुस्तक दिलं की रस्त्यावरचे लोक थांबवून नाव विचारतात, आणि मुलगा किंवा मुलगी भर रस्त्यात त्याची गोष्ट सांगायला लागते. दिंडी त्यामुळे लांबते. लांबू द्यावी.

दिंडीनंतर चिठ्ठ्यांची छाननी. ज्या पुस्तकावर सगळेच पाचव्या-सहाव्या पानाला थांबलेत, ते पुढच्या वर्षी मधल्या पानावर खूण घालून मांडायचं किंवा वरच्या इयत्तेकडे न्यायचं. ज्याच्या चिठ्ठ्यांवर ‘घरी हवं’ असं वारंवार आलंय, त्याच्या आणखी प्रती मागवायच्या. जोडीतलं एक सतत बाहेर आणि दुसरं जागेवरच, असं दिसलं तर जोडी मोडून नवा जोडीदार शोधायचा. ही यादी जानेवारीतच तयार करून मुख्याध्यापकांच्या सहीने ठेवायची, कारण मार्चअखेर अनुदान खर्च करायची घाई सुरू होते आणि हाताशी यादी नसेल तर विक्रेता देईल तो गठ्ठा घ्यावा लागतो. सहलीचं ठिकाण ठरत नसेल तर पाचगणीजवळच्या भिलारला जावं. ४ मे २०१७ पासून ते पुस्तकांचं गाव आहे. तिथे घराघरांत विषयवार पुस्तकं मांडलेली असतात आणि ओसरीवर बसून कुणालाही वाचता येतं. यादीतली जी पुस्तकं विकत घेण्याआधी चाळून बघायची असतील, ती तिथे शोधावीत. सोबत कोऱ्या चिठ्ठ्यांचा गठ्ठा न्यावा.