कॅमेऱ्याला ‘यायचा’ कळत नाही

पटकथा लिहू पाहणारी मंडळी एक प्रश्न हमखास विचारतात: ‘प्रेमकथेची एक कादंबरी फार आवडलीय, तिच्यावर चित्रपट लिहायचाय. सुरुवात कुठून करू आणि काय गाळू?’ तुम्ही विचारलंत म्हणून जरा सविस्तर.

गाळायचं काय हे नंतर पाहू. आधी हे बघायचं की कादंबरीत जे घडतं त्यातलं दिसतं किती. पहिलं वाचन हातात पेन न घेता करा, वाचकासारखं. दुसऱ्या वाचनाला दोन रंगीत पेन्सिली घ्या. जे डोळ्यांना दिसतं किंवा कानांना ऐकू येतं त्याखाली निळी रेघ, जे फक्त लेखकाने सांगितलं म्हणून कळतं त्याखाली लाल. प्रेमकथेत पानंच्या पानं लाल होतात. ‘तिला त्याचा राग आला आणि त्या रागाचीच लाज वाटली’ हे वाक्य कागदावर सुंदर आहे, पण नटीला यात करायला काहीच नाही. खरं काम या लाल रेघांचं आहे.

आकडेही लक्षात ठेवा. पटकथेचं एक पान म्हणजे पडद्यावर साधारण एक मिनिट. दोन तासांच्या चित्रपटाला एकशेवीसेक पानं आणि पन्नास-साठ प्रसंग पुरतात. तीनशे पानांच्या कादंबरीत यांच्या कितीतरी पट मजकूर असतो, त्यामुळे सगळं थोडं थोडं घेतलं की एकाही प्रसंगाला श्वास घ्यायला जागा उरत नाही. कादंबरीवरचे बरेच चित्रपट ‘धावल्यासारखे’ वाटतात ते यामुळेच.

आता सगळ्यात जास्त चुकणारी गोष्ट. कादंबरी ‘यायचा’, ‘बोलायची’, ‘वाट बघायची’ या क्रियापदांवर जगते. ‘तो रोज संध्याकाळी यायचा आणि ती दार उघडायला मुद्दाम उशीर करायची.’ एका वाक्यात अख्खं वर्ष गेलं आणि दोघांचं नातंही ठरलं. कॅमेऱ्याला मात्र ‘यायचा’ कळत नाही, त्याला फक्त ‘आला’ कळतं. तो एकच दिवस दाखवू शकतो. अशा वेळी बहुतेक जण गाणं घालतात आणि गाण्यात ऋतू बदलतात. त्याने वेळ पुढे सरकतो, पण सवय तयार होत नाही, कारण दर ओळीला चित्र बदलतं आणि सवय तर तेच तेच पाहून लागते. म्हणून तेच दार, तीच चौकट, कॅमेराही तिथेच ठेवा. पहिल्यांदा वीस सेकंद: तो कडी वाजवतो, थांबतो, दार उघडतं. दुसऱ्यांदा दहा सेकंद. तिसऱ्यांदा तो येतो आणि दार आधीच उघडं असतं. त्या उघड्या दारात ‘यायचा’चं सगळं वजन येतं. सवय दाखवायची असेल तर ती मोडते तो दिवस शोधा.

पत्रांचंही असंच. वाचक पत्र दोनदा वाचतो, प्रेक्षकाला ते ऐकावं लागतं. निवेदनाच्या संथ गतीने मिनिटाला शंभर-सव्वाशे शब्द होतात, म्हणजे पाचशे शब्दांचं पत्र चार मिनिटांच्या वर गेलं. तोवर पडद्यावर काय दाखवणार? पत्रातली दोन-तीन वाक्यं ठेवा आणि बाकीचं वाचणाऱ्याच्या हातांवर सोडा. ती पत्र परत त्याच घड्यांवर दुमडते की चुरगळते, एवढं पुरे होतं.

उदाहरणादाखल बंगाली लेखक शरच्चंद्र चट्टोपाध्याय यांची ‘देवदास’ घेऊ, कारण तिचे चित्रपट बहुतेकांनी पाहिले आहेत आणि बदल शेजारी-शेजारी ठेवून बघता येतात. कादंबरी १९१७ सालची आणि लहानखुरी. म्हणजे इथे गाळण्याचा प्रश्न कमी, पडदा भरण्याचा जास्त. बिमल रॉय यांचा १९५५चा चित्रपट (पटकथा नवेंदु घोष, संवाद राजिंदर सिंग बेदी) आणि संजय लीला भन्साळी यांचा २००२चा चित्रपट, दोन्ही ऐसपैस आहेत.

कादंबरीत देवदासची बालमैत्रीण पारो आणि त्याच्यावर जीव लावणारी नर्तकी चंद्रमुखी कधीच समोरासमोर येत नाहीत. वाचकाला ते खटकत नाही, कारण दोघींची तुलना त्याच्या मनात आपोआप होत राहते. पडद्यावर ती तुलना दिसावी लागते. बिमल रॉय यांनी दोघींना फक्त रस्त्यात एकमेकींसमोरून नेलं: एक पालखीत, एक पायी, नजरानजर आणि शब्द एकही नाही. भन्साळींनी दोघींना एकत्र नाचवलं. दोन्ही गोष्टी कादंबरीबाहेरच्या. माझ्या मते रॉय यांचा प्रसंग कादंबरीच्या जास्त जवळचा आहे, कारण दोघींमधलं अंतर त्यात शाबूत राहतं.

देवदास पारोच्या कपाळावर घाव घालतो, तो प्रसंग बघा. कादंबरीत त्याच्या हातात मासे धरायचा गळ आहे, त्याच्या दांड्याने तो मारतो. २००२च्या चित्रपटात गळाच्या जागी हार आला. वस्तू बदलली तरी प्रसंग टिकला, कारण प्रेम, अहंकार आणि क्रौर्य तिघंही एकाच कृतीत दिसतात आणि पुढे ती खूण चेहऱ्यावर राहते. लग्नानंतर पारो गप्प बसली तरी प्रेक्षक ती खूण वाचतो. लाल रेघ निळी होते ती अशी. कादंबरीत अशी वस्तू किंवा खूण सापडली तर तिला जपा. मात्र एक खबरदारी घ्या: चित्रीकरण कथेच्या क्रमाने होत नाही. ताजी जखम, खपली आणि फिकट वण या तीन अवस्था कोणकोणत्या प्रसंगात आहेत हे पटकथेतच लिहून ठेवा. नाहीतर रंगभूषाकार अंदाजाने वण काढतो आणि जुनी जखम मधेच ताजी दिसते.

शेवटही असाच बदलला. कादंबरीत आपल्या सासरच्या दाराशी मेला तो देवदास होता हे कळल्यावर पारो धावत सुटते तेव्हा तिला धरून आत नेतात, आणि नंतर निवेदक स्वतः वाचकाशी बोलतो, देवदाससारख्या अभाग्यांसाठी प्रार्थना करायला सांगतो. चित्रपटात हा निवेदक नसतो. त्याची वाक्यं दुसऱ्या पात्राच्या तोंडी घातली की ते भाषण होतं. दोन्ही चित्रपटांनी तिथे बंद होणारं फाटक आणलं. ज्या वाड्याने तिला सून म्हणून आत घेतलं, त्याच वाड्याचं दार तिला बाहेर जाऊ देत नाही. यापुढे कुणी काही बोलायची गरज उरत नाही.

दुय्यम पात्रांबद्दल थोडक्यात: मैत्रीण, मावशी आणि शेजारीण तिघी जर नायिकेला एकच सल्ला देत असतील तर त्यांची एकच बाई करा. आणि हे सगळं करण्याआधी चित्रपटाचे हक्क कुणाकडे आहेत ते विचारा. ते लेखकाकडे असतील, वारसांकडे असतील किंवा आधीच कुणा निर्मात्याला दिलेले असतील. परवानगी लेखी घ्या आणि तिची मुदत त्यात लिहून घ्या.

पहिला खर्डा झाला की कादंबरी न वाचलेल्या माणसाला वाचायला द्या. वाचलेल्याला देऊन उपयोग नाही, तो मोकळ्या जागा स्वतःच्या आठवणीने भरतो. न वाचलेला माणूस मधेच मान वर करून ‘ही आत्ता रडली का?’ असं विचारतो. पानाचा क्रमांक टिपून ठेवा आणि कादंबरीत ती जागा उघडा. तिथे बहुधा लाल रेघ असते.