बालीतील स्वयंपाकाचा वर्ग: उबुदजवळचा अनुभव आणि जाणाऱ्यांसाठी सूचना

उबुदच्या आठ दिवसांच्या मुक्कामात मी आणि माझी 68 वर्षांची आई दोन वेळा स्वयंपाकाच्या वर्गाला गेलो. पहिला वर्ग वाया गेला आणि दुसरा त्या प्रवासातील सर्वांत चांगला दिवस ठरला. दोन्हींची फी जवळपास सारखीच होती, दोन्हींच्या जाहिरातीत 'स्वतःच्या हाताने' हे शब्द होते आणि पदार्थांची यादीही फारशी वेगळी नव्हती. फरक एकाच गोष्टीचा होता: वाटण कोण करते.

पहिल्या ठिकाणी आम्ही चौदा जण होतो. प्रत्येकासमोर चिरलेल्या भाज्या वाट्यांत मांडून ठेवलेल्या होत्या, पिवळे वाटण एका मोठ्या बरणीत तयार होते आणि सांगितल्यावर त्यातले चमचाभर कढईत घालून ढवळणे एवढेच आमचे काम होते. वाटणात काय काय आहे असे आईने विचारले, तेव्हा दहा-बारा नावे भराभर सांगण्यात आली. त्यांतली एकही वस्तू आमच्या हातात आली नाही. आई शाकाहारी आहे हे आदल्या दिवशी कळवलेले असूनही त्या वाटणात तेरासी होती. तेरासी म्हणजे जवळ्यासारख्या बारीक कोळंबीला मीठ लावून, आंबवून केलेली वडी. कढईतून वास सुटला तेव्हा ते आमच्या लक्षात आले आणि आई त्या दुपारी भात व फळे खाऊन उठली.

बालीच्या स्वयंपाकात वाटणाला इतके महत्त्व का, हे दुसऱ्या वर्गात समजले. 'बासे गेनेप' हे तिथले मुख्य वाटण आहे आणि 'गेनेप' या शब्दाचा अर्थच 'पूर्ण' असा आहे. लहान कांदे, लसूण, आले, ओली हळद, कुलिंजन, कापरासारख्या वासाचे केंचुर नावाचे छोटे मूळ, मिरची, धणे, मिरी, जायफळ, लवंग आणि केमिरी नावाची तेलकट बी, अशी ती सामग्री असते. मासळी, कोंबडी, टोफू, भाजी यांपैकी बहुतेक पदार्थ याच एका वाटणावर उभे राहतात. ते हाताला कळले की पुढचे पदार्थ पटापट समजत जातात आणि ते बरणीतून आले, तर वर्गात शिकण्यासारखे फारसे काही उरत नाही. म्हणून नोंदणी करण्यापूर्वी चार गोष्टी स्पष्ट विचारून घ्याव्यात: वाटण आम्ही स्वतः करणार का, एका वर्गात किती माणसे घेता, बाजाराची फेरी त्यात आहे का, आणि शाकाहारी माणसासाठी वेगळे वाटण वेगळ्या दगडावर होईल का. पहिल्या प्रश्नाला मोघम उत्तर आले तर दुसरे ठिकाण पाहावे.

आमचा दुसरा वर्ग उबुदच्या उत्तरेला, तेगलालांगच्या वाटेवरील एका गावात, एका कुटुंबाच्या घरी होता. माणशी साडेतीन लाख इंडोनेशियन रुपिया पडले, म्हणजे त्या वेळच्या दराने सुमारे 1,900 रुपये, आणि त्यात उबुदमधून नेणे-आणणेही होते. रकमेतील शून्यांना बिचकू नये; मात्र पैसे रोख रुपियात तयार ठेवावेत. सकाळी साडेसातला गाडी आली आणि आम्ही आधी गावच्या बाजारात गेलो. उबुदच्या राजवाड्यासमोरचा मोठा बाजार दिवसा पर्यटकांसाठीच्या वस्तूंनी भरलेला असतो, भाजीपाल्याची खरी वर्दळ तिथे भल्या पहाटे असते. त्यामुळे दुपारच्या वर्गांत बाजार बहुधा वगळलेला असतो. शक्य असेल तर सकाळचाच वर्ग घ्यावा. बाजारात धण्यांना 'केतुंबर' आणि मिरीला 'मेरिचा' म्हणतात हे ऐकून आईला भारी आनंद झाला आणि पुढे ती प्रत्येक टोपलीपाशी थांबून नाव विचारू लागली. दिवसभराच्या देवपूजेसाठी केळीच्या पानाचे तुकडे, झेंडू आणि इतर फुले भाजीच्या शेजारीच विकायला होती.

घरी आमच्या शिक्षिकेने हात जोडून 'ओम् स्वस्त्यस्तु' म्हटले. बालीतील हा नेहमीचा नमस्कार आहे आणि मराठी माणसाला त्याचा अर्थ सांगावा लागत नाही. वयाने मोठ्या बाईंना तिथे 'इबू' म्हणजे आई म्हणतात. आम्ही त्यांना इबू म्हणत होतो, त्या माझ्या आईला इबू म्हणत होत्या आणि दोघींना इंग्रजी जेमतेमच येत असल्याने त्या एका शब्दावर त्यांचे बरेचसे काम भागले. बालीच्या पारंपरिक घरात वेगवेगळ्या कामांच्या इमारती एका आवारात असतात. त्यात पाओन, म्हणजे स्वयंपाकघर, दक्षिणेकडे असते, कारण दक्षिण ही तिथे ब्रह्मदेवाची, अग्नीची दिशा मानली जाते. घरातील देवस्थानही त्याच आवारात असते. बोलावल्याशिवाय तिथे जाऊ नये आणि जमिनीवर ठेवलेल्या फुलांच्या द्रोणांवरून पाय टाकू नये.

वाटण्याचा दगड पसरट ताटलीसारखा, किंचित खोलगट असतो. त्याला चोबेक म्हणतात. त्यावरचा वाकडा बत्ता उलेकान. मी तो हाती घेऊन कुटायला सुरुवात केली, तेव्हा इबूंनी माझे मनगट धरून थांबवले. कुटायचे नसते, बत्ता आडवा धरून, मनगट फिरवत, पुढे दाबत न्यायचा आणि ओढून मागे आणायचा असतो. आईला हे सांगावे लागले नाही. आमच्या घरचा पाटा-वरवंटा मी कॉलेजात असतानाच अडगळीत गेला होता, पण तिचे हात ते विसरले नव्हते. क्रमही महत्त्वाचा आहे: आधी धणे, मिरी व लवंग कोरडी वाटायची, मग हळद, कुलिंजन आणि आले यांच्या धाग्यांना आडव्या कापलेल्या अगदी पातळ चकत्या घ्यायच्या, नंतर केमिरी आणि सर्वांत शेवटी लसूण व कांदा, कारण त्यांना पाणी सुटते आणि पाण्यात कठीण मुळे दगडावर घसरत राहतात. आमच्या वाटणाला पाऊण तास लागला. माझी बोटे पुढे दोन दिवस पिवळी होती. नंतर ते खोबरेल तेलात, गवती चहाच्या ठेचलेल्या दांड्यांसह, मंद आचेवर परतले. कांद्याचा उग्रपणा जाऊन वाटणाच्या कडेने तेल सुटू लागले की ते झाले.

गवती चहाबद्दल एक गोष्ट लिहून ठेवते. आपण चहात त्याची हिरवी पात घालतो. तिथे पात काढून टाकतात आणि मुळाजवळचा पांढरा, जाड, तीन-चार इंचांचा भाग वापरतात. आपल्या भाजीबाजारातील जुड्यांना तो भाग बहुधा नसतोच. त्यामुळे घरी येऊन हे पदार्थ करायचे असतील, तर कुंडीत गवती चहा लावून तो मुळाशी कापणे हाच सोपा मार्ग आहे.

वाटण झाल्यावर पदार्थ भराभर झाले. 'सांबाल माताह' ही न शिजवलेली चटणी आहे आणि माझ्या मते ती घरी सर्वांत आधी करून पाहावी: दहा-बारा सांबार कांदे, गवती चहाच्या दोन पांढऱ्या दांड्या, चार-पाच मिरच्या आणि लिंबाच्या जातीच्या एका सुगंधी झाडाची (काफिर लाइम) तीन पाने, हे सारे कागदासारखे पातळ चिरून, मीठ लावून हाताने चुरायचे, वरून तीन चमचे कडकडीत तापलेले खोबरेल तेल ओतायचे आणि लिंबू पिळायचे. त्यात तेरासी घालण्याची पद्धत आहे, पण ती वगळली तरी चटणी लंगडी पडत नाही. मी सुरमईचे 'साते लिलित' केले: खिमा, ओले खोबरे आणि वाटण एकत्र मळून तो गोळा गवती चहाच्या दांडीभोवती लपेटायचा आणि निखाऱ्यावर भाजायचा. हात ओला असेल तरच तो चिकटत नाही आणि खिमा हलका थापून बसवला नाही तर सरळ निखाऱ्यात पडतो. माझे पहिले दोन पडले. आईने वाटण लावलेला टोफू केळीच्या पानात गुंडाळून वाफवला. पान विस्तवावर धरून मऊ करणे तिला पानगीमुळे ठाऊक होते आणि पानाची टोके बांबूच्या ज्या बारीक काड्यांनी टोचतात, त्या पाहून तिला पत्रावळीच्या काड्या आठवल्या. गोडाला 'दादार गुलुंग' होते: पांदान या केवड्याच्या जातीतील झाडाच्या पानांच्या रसाने हिरवी झालेली पातळ धिरडी आणि आत ओले खोबरे व माडाच्या गुळाचे सारण. ते सारण ढवळताना तिथल्या कोणीही काही समजावून सांगितले नाही आणि आम्हीही विचारले नाही.

जेवायला बसण्याआधी इबूंनी केळीच्या पानाचे बोटभर तुकडे मांडले आणि प्रत्येकावर चिमूटभर भात, मीठ व आम्ही केलेल्या पदार्थांचा कण ठेवला. हे 'बांतेन साइबान'. एक तुकडा चुलीपाशी गेला, एक पाण्यापाशी, एक वाटायच्या दगडापाशी, बाकीचे आवारात. ते ठेवून होईपर्यंत कोणीही घास घेत नाही. चूल, पाटा, केरसुणी, उखळ आणि पाण्याचा घडा या पाच ठिकाणी गृहस्थाकडून नकळत जीवहत्या होते, असे मनुस्मृतीच्या तिसऱ्या अध्यायात म्हटले आहे. आपल्याकडील पंचमहायज्ञांचा आधारही तोच आणि साइबानचा अर्थ सांगताना बालीत याच पाच जागांचा दाखला देतात. आजोबा जेवणापूर्वी वैश्वदेव करीत असत, असे आई हळू आवाजात म्हणाली आणि तिने शेवटचा तुकडा स्वतः नेऊन ठेवण्याची परवानगी मागितली. इबूंनी आनंदाने दिली. वर्ग निवडताना हा भाग वेळेअभावी गाळला जात नाही ना, हेही विचारावे, असे मी आग्रहाने सांगेन.

शाकाहारी मंडळींनी नुसते 'व्हेजिटेरियन' म्हणून थांबू नये. 'तान्पा तेरासी' (तेरासीशिवाय), 'तान्पा इकान' (मासळीशिवाय), 'तान्पा दागिंग' (मांसाशिवाय) आणि अंडे नको असल्यास 'तान्पा तेलुर' हे शब्द आदल्या दिवशीच लिहून पाठवावेत, कारण काही ठिकाणी वाटण पहाटेच तयार होते. बालीत डुकराचे मांस आणि त्याची चरबी सर्रास वापरली जाते, तेव्हा तळणीचे तेल कोणते तेही विचारावे. शेंगदाण्याची ॲलर्जी असणाऱ्यांनी 'काचांग' हा शब्द ध्यानात ठेवावा. कांदा, लसूण आणि कंदमुळे वर्ज्य असणाऱ्या जैन स्नेह्यांना मात्र हा वर्ग सुचवू नये. त्यांच्यासाठी बासे गेनेपमध्ये जवळपास काहीच उरत नाही.

तारखा ठरवताना न्येपी टाळावी. मार्चच्या आसपास येणाऱ्या त्या मौनाच्या दिवशी विमानतळासह सारे बेट बंद असते. गालुंगान हा सण दर 210 दिवसांनी येतो आणि त्या सुमारास घरोघरी पूजेची गडबड असल्याने घरगुती वर्ग बंद राहू शकतात. भारतीय पारपत्रावर विमानतळावरच 30 दिवसांचा व्हिसा मिळतो; त्याचे आम्ही 5 लाख रुपिया भरले आणि 14 फेब्रुवारी 2024 पासून लागू झालेला 1,50,000 रुपियाचा पर्यटक कर वेगळा होता. वर्गाला जाताना हळदीचा डाग पडला तरी चालेल असा सुती कपडा घालावा, केस बांधावेत आणि सकाळी पोटभर नाश्ता करू नये.

परत येताना ताजी मुळे, पाने किंवा रोपे आणण्याचा मोह टाळावा, कारण वनस्पती संगरोधाच्या नियमांमुळे ती अडवली जातात. आम्ही वाळलेली केमिरी आणली. ती कधीही कच्ची खाऊ नये, पोट बिघडते. ती संपल्यावर आम्ही काजू घालू लागलो आणि दाटपणा बराचसा तसाच येतो. कुलिंजन काष्ठौषधीच्या दुकानात वाळलेले मिळते, ते रात्रभर भिजवावे लागते. केंचुर आम्हाला ठाण्यात मिळाले नाही. अडगळीतला पाटा मात्र आईने धुऊन ओट्याशेजारी आणून ठेवला आहे आणि पाऊण तासाचे ते वाटण आम्ही महिन्यातून एका रविवारी त्यावरच करतो.