खीचनच्या कुरजां: खरी मजा तळ्यावर

राजस्थानातल्या खीचन गावी डिसेंबर-जानेवारीत जा, तेव्हा कुरजां पक्षी हजारोंनी दिसतात, असं सगळे सांगतात. मी मुद्दाम ऑक्टोबर गाठला. मला जमलेली गर्दी नव्हे, उतरणारे थवे बघायचे होते. जोधपूरहून रेल्वेने फलोदी आणि तिथून रिक्षाने खीचन, प्रवास सरळ आहे.

आपला कांड्या करकोचा म्हणजे तिथली कुरजां. मंगोलिया, कझाकस्तानच्या गवताळ मैदानांत वीण उरकली, की हे पक्षी दक्षिणेकडे निघतात. आपल्या देशात येणाऱ्या कित्येक थव्यांना मध्ये हिमालय ओलांडावा लागतो. तिथल्या खिंडींमध्ये सोनेरी गरुड दबा धरून असतात. एवढं सोसून आलेल्या पक्ष्यांसाठी खीचनचे लोक पिढ्यान् पिढ्या धान्य टाकतात. हे काम सुरू केलं गावातल्या जैन मंडळींनी.

पहाटे एका घराच्या गच्चीवर जागा मिळाली. थवे दिसण्याआधी त्यांचा कलकलाट ऐकू येतो. पण येताक्षणी कोणी उतरत नाही. चुग्गाघरावर, म्हणजे धान्य टाकायच्या आवारावर, घिरट्या चालू राहतात. एखादा कुत्रा दिसला की सगळा थवा पुन्हा वर. शेवटी पाच-दहा धीट पक्षी उतरतात आणि मग बाकीचे कोसळल्यासारखे खाली येतात. मोजायचं तर आधी दहा पक्ष्यांनी किती जागा व्यापली ते डोळ्यांत बसवायचं, मग तेच माप थव्यावर सरकवत न्यायचं.

बहुतेक पर्यटक इथूनच परततात. माझं मत विचाराल तर तसं करू नका. ऊन चढलं की कुरजां गावच्या तळ्यावर येतात, आणि निवांत बघायला मिळतं ते तिथे. पाणी पिऊन झालं की काठावरचे बारीक खडे टिपतात. पोटात दाणे भरडायला ते लागतात. दुर्बिणीतून लाल डोळा आणि त्यामागे मानेवर रुळणारा पांढरा तुरा स्पष्ट दिसला. शेजारी फिकट डोक्याचं, तुरा जेमतेम फुटलेलं यंदाचं पिल्लू होतं. आयुष्यातला पहिलाच प्रवास करून आलेलं! मी बराच वेळ त्या एकाच कुटुंबावर दुर्बीण रोखून होतो.

2025 मध्ये खीचनला रामसर दर्जा, म्हणजे आंतरराष्ट्रीय महत्त्वाची पाणथळ जागा म्हणून मान्यता मिळाली, याचा मनापासून आनंद आहे. जायकवाडीच्या परिसरातही करकोच्यांच्या नोंदी आहेत. या हिवाळ्यात तिथली हरभऱ्याची शेतं पालथी घालणार आहे. कोणाला यायचं असेल तर जरूर कळवा.